चलच्चित्रांचे आद्य कर्ते सावेदादा

वर्गात एखाद्या मोकळ्या तासाला आपल्या देशातील पहिला चित्रपट कोणी काढला असे विचारले, तर पुढच्या बाकापासून मागच्या बाकापर्यंत सगळे हात वर होतात आणि दादासाहेब फाळके यांचे नाव एकमुखाने घेतले जाते. उत्तर बरोबर आहे. १९१३ सालच्या मे महिन्यात मुंबईच्या कॉरोनेशन थिएटरात ‘राजा हरिश्चंद्र’ लोकांपुढे आला आणि कथा सांगणाऱ्या भारतीय चित्रपटांची परंपरा सुरू झाली. परंतु त्याच्या चौदा वर्षे आधी, १८९९ साली, एका मराठी गृहस्थाने मुंबईत कॅमेऱ्याची मूठ फिरवून आपल्या माणसांची हलती चित्रे टिपली होती. त्यांचे नाव विचारले की वर्ग शांत होतो. योगायोग असा की, त्यांचेही नाव हरिश्चंद्रच होते.

हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर हे त्यांचे पूर्ण नाव. मुंबईकर मात्र त्यांना सावेदादा या नावाने ओळखीत, आणि चित्रपटांच्या इतिहासातही तेच नाव रूढ झाले आहे. त्यांचा जन्म १८६८ सालचा. तरुणपणीच त्यांनी छायाचित्रणाची कला हस्तगत केली आणि मुंबईत स्वतःचा स्टुडिओ थाटला. त्या काळी फोटो काढून घेणे हा घरातला एक समारंभच असे. जरीची पगडी, शालजोडी, मागे रंगविलेला पडदा, शेजारी तिवईवर फुलदाणी, आणि छायाचित्रकाराने सांगितलेले तितके क्षण श्वास रोखून बसलेली माणसे. सावेदादांचा चरितार्थ अशा स्थिर चित्रांवर चाले. माणसे स्थिर बसविणे हाच ज्यांचा व्यवसाय, त्यांनी पुढे माणसांना हलताना पकडण्याचा ध्यास घेतला, ही गोष्ट आम्हांस मोठी मौजेची वाटते.

हा ध्यास लागण्याचे निमित्त १८९६ सालच्या जुलै महिन्यात घडले. त्याच्या आदल्या वर्षी, २८ डिसेंबर रोजी, पॅरिसमध्ये ल्युमिए बंधूंनी आपल्या सिनेमॅटोग्राफ यंत्राचा पहिला जाहीर खेळ केला होता. त्यांचा मारिउस सेस्तिए नावाचा प्रतिनिधी ऑस्ट्रेलियाच्या वाटेवर असताना मुंबईत उतरला आणि ७ जुलै रोजी काळा घोड्याजवळच्या वॅटसन हॉटेलात त्याने सहा छोट्या चित्रांचा खेळ लावला. तिकीट एक रुपया. एका संध्याकाळी चार खेळ झाले. वर्तमानपत्रांतील जाहिरातींनी या खेळाला शतकातील महान चमत्कार ठरविले होते. आठवड्याभरातच हा खेळ नॉव्हेल्टी थिएटरात गेला. तेथे तिकिटांचे दर चार आण्यांपासून ठेवण्यात आले आणि पडदानशीन स्त्रियांसाठी वेगळी व्यवस्था झाली.

पडद्यावर काय होते? स्थानकात शिरणारी आगगाडी, कारखाना सुटल्यावर बाहेर पडणारे कामगार, समुद्रस्नान करणारी मंडळी, पाडण्यात येणारी एक भिंत. बस्स, इतकेच. आज आपल्या हुबळीच्या स्थानकावर १५०७ मीटर लांबीच्या फलाटाला गाडी लागताना आपण मान वर करूनही पाहत नाही. पण भिंतीवरच्या पांढऱ्या कापडावर गाडी अंगावर येताना पाहून त्या प्रेक्षकांना काय वाटले असेल, याची कल्पना करून पाहावी. यापूर्वी आपल्याकडे जादूच्या कंदिलाचे खेळ होत नसत असे नाही. कल्याणचे महादेव गोपाळ पटवर्धन यांनी शांबरिक खरोलिका या नावाने काचेवर रंगविलेल्या चित्रांचे खेळ सुरू केले होते आणि त्यांत चित्रे हलल्याचा भासही होई. परंतु ती हाताने रंगविलेली चित्रे होती. सिनेमॅटोग्राफातील माणसे खरी होती.

हे खेळ पाहणाऱ्यांत सावेदादा होते. बाकीचे प्रेक्षक चमत्कार पाहून घरी गेले. सावेदादांनी यंत्राची चौकशी आरंभिली. लवकरच त्यांनी इंग्लंडमधील रायली या कंपनीचा चलच्चित्रांचा कॅमेरा २१ गिन्या देऊन मागविला. गिनी म्हणजे २१ शिलिंग. पुढे स्थिर झालेल्या दराने पौंडाला १५ रुपये धरले, तर ही रक्कम ३३० रुपयांच्या घरात जाते. जेथे रुपयाचे तिकीट सामान्य माणसाला परवडत नव्हते, तेथे एवढी रक्कम केवळ एका नव्या खेळण्यासारख्या वस्तूवर घालणे हे धाडसच. शिवाय दिवस कसले होते! सेस्तिएचा खेळ होऊन दोन महिने झाले नाहीत तोच मुंबईत प्लेग उद्भवला. पुढची काही वर्षे शहरावर मृत्यूची छाया होती; हजारो माणसे घरे सोडून गावाकडे निघून गेली. त्याच वर्षांत हा छायाचित्रकार आपल्या नव्या यंत्राशी झटत होता.

त्या कॅमेऱ्याविषयी दोन शब्द सांगणे अवश्य आहे, कारण आज ज्यांच्या खिशात कॅमेरा आहे त्या आमच्या विद्यार्थ्यांना ते खरे वाटणार नाही. लाकडी पेटी, पुढे भिंग, बाजूला मूठ आणि खाली तीन पायांची घोडी, असे ते यंत्र. मूठ एका लयीत फिरवावी लागे. सेकंदाला सुमारे सोळा चित्रे उमटत आणि तेवढ्यात एक फूट फिल्म सरके; म्हणजे मिनिटाच्या चित्रणाला साठ फूट फिल्म खर्ची पडे. हात अडखळला की पडद्यावरची माणसे लंगडू लागत. चित्रण चालू असताना ते कसे होत आहे हे पाहण्याची सोय जवळजवळ नव्हती. दिव्याच्या उजेडाला फिल्म दाद देत नसे, म्हणून सूर्यनारायणाच्या कृपेवरच सगळा भरवसा. आणि एवढे करूनही फिल्म धुण्यासाठी बोटीने विलायतेस पाठवावी लागे. ती सुएझमार्गे जाऊन परत येईपर्यंत आपण टिपले ते उमटले की नाही, हे कळण्यास मार्ग नाही. परीक्षा दिल्यावर निकालाची वाट पाहणारे विद्यार्थी ही अवस्था इतरांपेक्षा लवकर समजतील.

आता प्रश्न असा की, असे यंत्र हाती आल्यावर पहिल्याने काय टिपावे? सावेदादांनी कुस्ती निवडली. पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी या दोन पैलवानांची लढत त्यांनी मलबार टेकडीवरील हँगिंग गार्डनमध्ये ठरविली आणि १८९९ साली तिचे चित्रण केले. भारतीयाने भारतात घेतलेल्या अगदी पहिल्या चलच्चित्रांत तिची गणना होते. कुस्ती आखाड्यात न लावता टेकडीवरच्या उघड्या बागेत का लावली असावी? आमचा तर्क असा की, तालमीतल्या अंधारात या यंत्राचे काही चालले नसते. काही जण म्हणतील की, मुद्दाम ठरवून लावलेली कुस्ती ही खरी घटना कशी मानावी? आक्षेप अगदीच पोकळ नाही. परंतु डाव कोणी टाकायचा आणि पाठ कोणाची लागायची हे छायाचित्रकाराच्या हाती नव्हते. पैलवानाला कॅमेरा समजत नाही. त्याला समोरचा गडी समजतो. म्हणून आम्ही तरी या चित्राला सत्यचित्रच म्हणू.

त्याच वर्षी त्यांनी माकडांना खेळ शिकविणाऱ्या एका माणसाचे चित्रण केले. पैलवान आणि माकडवाला! राजवाडे, हत्ती, गव्हर्नरांच्या मिरवणुकी हे सारे सोडून आमच्या पहिल्या चलच्चित्रकाराचे लक्ष रस्त्यावर आणि तालमीत रोज दिसणाऱ्या माणसांकडे गेले. परदेशी कॅमेरेवाले आपल्याकडे येत ते बहुधा नवलाची दृश्ये नेण्यासाठी. सावेदादांना त्यात नवल काहीच नव्हते; ती त्यांच्या शेजारची माणसे होती. फिल्म विलायतेहून धुवून येईपर्यंत त्यांनी चित्र दाखविण्याचे यंत्रही मिळविले, आणि परदेशी चित्रांच्या जोडीला आपली चित्रे लावून ते उघड्यावर, तंबूत खेळ करू लागले. आमच्या कोंकणी घरातील आजी सिनेमाला अखेरपर्यंत बायस्कोपच म्हणत असे; हा शब्द अशाच तंबूंतून गावोगाव पोहोचला.

१९०१ साली त्यांनी मुंबईतील पारशी अग्निमंदिराच्या, म्हणजे आतश बेहरामच्या, डागडुजीचे काम टिपले. लंडनच्या पार्लमेंटात निवडून गेलेले सर मंचरजी भावनगरी मुंबईस आले, त्या प्रसंगाचेही चित्रण त्यांनी केले. पण ज्या चित्रासाठी त्यांचे नाव प्रत्येक शाळेत घेतले जावे, ते त्याच वर्षाच्या अखेरचे आहे.

१९०१ सालच्या डिसेंबरात रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे विलायतेहून मुंबईस परतले. दापोलीजवळच्या मुर्डी या लहानशा गावात १८७६ साली जन्मलेला हा मुलगा. धोंडो केशव कर्वे यांच्या आधाराने शिकला, पुण्याच्या फर्ग्युसन कॉलेजात चमकला, सरकारी शिष्यवृत्ती मिळवून केंब्रिजच्या सेंट जॉन्स कॉलेजात गेला आणि १८९९ साली गणिताच्या ट्रायपॉस परीक्षेत एका इंग्रज विद्यार्थ्याच्या बरोबरीने पहिला आला. सीनियर रँग्लर हा मान मिळविणारा तो पहिला भारतीय. परीक्षेचा निकाल ही त्या काळी केवळ शाळेच्या फळ्यावरची बाब नव्हती. बुद्धीत आपण साहेबापेक्षा कमी आहोत असे उठता-बसता ऐकून घ्यावे लागणाऱ्या समाजाला कोंकणातल्या एका तरुणाने त्या साहेबाच्याच मैदानावर दिलेले ते उत्तर होते. म्हणूनच त्यांच्या स्वागताला मुंबई लोटली. आणि त्या गर्दीत तीन पायांच्या घोडीवर आपली लाकडी पेटी ठेवून सावेदादा मूठ फिरवीत उभे होते.

या चित्राला भारतातील पहिला वार्तापट म्हणतात. विद्यार्थिमित्रांनी क्षणभर थांबून याचा विचार करावा. आपल्या देशात भारतीयाच्या हातून जी पहिली बातमी पडद्यावर आली, तिच्यात लढाई नव्हती, राज्यारोहण नव्हते, अपघात नव्हता. एक विद्यार्थी अभ्यास पुरा करून घरी परत आला, ही ती बातमी होती. परांजपे यांनी पुढे मोठ्या पगाराच्या सरकारी नोकरीकडे पाठ फिरविली, ठरल्याप्रमाणे फर्ग्युसन कॉलेजात अल्प वेतनावर शिकविले आणि १९०२ पासून तेथील प्राचार्यपद दीर्घकाळ भूषविले. तेव्हा आपला धारवाड जिल्हाही मुंबई इलाख्यातच होता, आणि इकडची कित्येक मुले उच्च शिक्षणासाठी पुण्याची वाट धरीत.

पुढचे प्रसिद्ध चित्रण १९०३ सालचे. सातव्या एडवर्डच्या राज्यारोहणानिमित्त लॉर्ड कर्झनने १ जानेवारी रोजी दिल्लीत दरबार भरविला. हत्ती, अंबाऱ्या, संस्थानिकांचे जवाहीर यांनी दिल्ली झगमगून गेली. परदेशी कंपन्यांचे कॅमेरेही तेथे होते. सावेदादांनीही हा दरबार टिपला. व्यवसायाच्या दृष्टीने हे चित्र मोलाचे ठरले असेल. आम्हांस मात्र ते त्यांच्या कामांत सर्वांत कमी जवळचे वाटते. तीनच वर्षांपूर्वी देश भीषण दुष्काळातून निघाला होता आणि दरबाराच्या खर्चावर त्या वेळीही टीका झाली होती. शिवाय दरबार टिपण्यास शंभर जण तयार असतात. माकडवाल्यापुढे कॅमेरा लावणारा एखादाच.

दरबाराच्या चित्रणानंतर लवकरच सावेदादा चित्रे घेण्याच्या कामातून बाजूस झाले. बोरीबंदरासमोरील गेटी थिएटरचे, जे पुढे कॅपिटॉल म्हणून प्रसिद्धीस आले, व्यवस्थापन त्यांनी हाती घेतले आणि त्यात त्यांची भरभराटही झाली. त्यांचा कॅमेरा श्रीनाथ पाटणकर यांच्याकडे गेला. पाटणकरांनी पुढे कथाचित्रे काढली. नारायणराव पेशव्यांच्या वधावरचे त्यांचे चित्र १९१५ सालचे. म्हणजे ज्या पेटीने खरी माणसे टिपली, तिच्या धन्याने पुढे कथेतली माणसे टिपण्याचा धंदा केला. काळाचा ओघच तसा होता. फाळक्यांनंतर लोकांना पडद्यावर देव, राजे आणि वीर पाहावयाचे होते. घडलेल्या गोष्टींच्या चित्रांना वेगळे नाव मिळण्यासही वेळ लागला. अमेरिकन दिग्दर्शक रॉबर्ट फ्लाहर्टी यांचे उत्तर ध्रुवाकडील एस्किमो कुटुंबाचे प्रसिद्ध चित्र १९२२ मध्ये आले, आणि त्यांच्याच पुढच्या एका चित्राविषयी लिहिताना जॉन ग्रिअर्सन यांनी १९२६ मध्ये डॉक्युमेंटरी हा शब्द वापरला. मराठीत आपण अनुबोधपट किंवा माहितीपट म्हणतो. शब्द जन्मण्याच्या पाव शतकाहून अधिक काळ आधी हँगिंग गार्डनमधील कुस्ती टिपून झाली होती.

ही कुस्ती आज पाहावी म्हटले, तर पाहता येत नाही. सावेदादांची एकही फिल्म उरलेली नाही. त्या काळची फिल्म नायट्रेटची; ती सहज पेट घेई, आणि नाही पेटली तर आपल्या दमट हवेत आपोआप विरघळून तिची भुकटी होई. कलकत्त्यात हिरालाल सेन यांनीही याच सुमारास चलच्चित्रणास आरंभ केला होता. १९०५ मधील वंगभंगविरोधी चळवळीची दृश्ये त्यांनी टिपली होती. १९१७ साली लागलेल्या आगीत त्यांच्या साऱ्या फिल्मा जळाल्या आणि त्याच वर्षी ते वारले. चित्रपट जपून ठेवण्यासाठी पुण्यात राष्ट्रीय संग्रहालय निघाले ते १९६४ साली. तोपर्यंत आमच्या मूकपटांपैकी बहुसंख्य नाहीसे झाले होते. फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’चा काही भाग तरी उरला, दुसऱ्या हरिश्चंद्राचे काहीच उरले नाही. आज त्यांच्या चित्रांविषयी आपल्याला जे ठाऊक आहे, ते जुन्या जाहिराती, नोंदी आणि आठवणी यांवरून.

आम्ही हे दुसऱ्याच्या दोषाप्रमाणे लिहीत आहो खरे, पण आमचे स्वतःचे काय? काही वर्षांपूर्वी एका स्नेहसंमेलनात मुलांनी बसविलेले नाटक आम्ही हौसेने भ्रमणध्वनीवर टिपले. त्यात काम करणारी एक मुलगी पुढच्याच वर्षी गाव सोडून गेली. तिच्या आईने एकदा येऊन ते चित्रण मागितले. तेव्हा आम्हांस कळले की, यंत्र बदलताना ते पुसले गेले आहे. नायट्रेट नाही, आग नाही, दमट हवा नाही. केवळ आमची हयगय. ती माउली काही बोलली नाही. सावेदादांच्या हरवलेल्या फिल्मांविषयी वाचताना तिचा चेहरा आमच्या डोळ्यांपुढे उभा राहतो.

सावेदादांना दीर्घायुष्य लाभले. वॅटसन हॉटेलातल्या मुक्या चित्रांपासून निघालेला हा माणूस १९३१ साली ‘आलम आरा’ने चित्रपटाला वाचा फुटलेली पाहण्यास हयात होता, दुसऱ्या वर्षी ‘अयोध्येचा राजा’ मराठी बोलू लागला, तेव्हाही होता. फाळके १९४४ साली नाशिकला निवर्तले. १९४८ मध्ये मुंबईत सरकारी फिल्म्स डिव्हिजन स्थापन झाले आणि थिएटरांतून मुख्य चित्रपटाआधी वार्तापट व माहितीपट दाखविण्याचा प्रघात पडला. धरणे, पूर, शेतकरी, खेळाडू, परदेशी पाहुणे, असे सारे काही पडद्यावर येऊ लागले. ज्या कामास त्यांनी एकट्याने, पदरमोड करून हात घातला होता, त्यासाठी आता खाते होते, पगारी छायाचित्रकार होते आणि फिल्म धुण्यासाठी बोटीची वाट पाहावी लागत नव्हती. १९५८ साली, नव्वदीच्या घरात, सावेदादांनी जगाचा निरोप घेतला.

ज्यांचे स्वागत त्यांनी टिपले ते रँग्लर परांजपे १९६६ पर्यंत हयात होते. परांजपे यांच्या कन्या शकुंतलाबाई यांनी शांतारामांच्या ‘कुंकू’ चित्रपटात १९३७ साली भूमिका केली. शकुंतलाबाईंची मुलगी सई आईसमवेत आजोबांच्याच छायेत वाढली. आजोबा १९४४ ते १९४७ या काळात ऑस्ट्रेलियात भारताचे उच्चायुक्त होते, तेव्हा तीही तेथे होती. हीच मुलगी पुढे सई परांजपे म्हणून चित्रपटसृष्टीत नावारूपाला आली. ‘स्पर्श’, ‘चष्मेबद्दूर’ आणि ‘कथा’ ही त्यांची चित्रे घरोघरी ठाऊक आहेत. त्यांनी माहितीपटही काढले. फिल्म्स डिव्हिजनसाठी १९९३ साली केलेला ‘चूडियाँ’ हा त्यांतलाच एक. महाराष्ट्राच्या खेड्यांत दारूविरुद्ध उभ्या राहिलेल्या बायका हा त्याचा विषय.